युद्ध पाहून आलेल्यांची संघटना : ‘व्हिएतनाम वेटरन्स अगेन्स्ट द वॉर’ची वाटचाल

‘व्हिएतनाम वेटरन्स अगेन्स्ट द वॉर’ ही अमेरिकेतील माजी सैनिकांची संघटना आता हीरकमहोत्सवाच्या उंबरठ्यावर आहे. युद्ध चालू असतानाच त्यात लढून आलेल्या जवानांनी त्याच युद्धाविरुद्ध संघटना काढावी, तिच्या शाखा देशभर निघाव्यात आणि युद्ध संपून अर्धशतक लोटले तरी ती टिकून राहावी, हे दुर्मीळ आहे. युद्धाला विरोध करणारा माणूस सैनिकाच्याही विरोधात असतो, असे पुष्कळांना वाटते. या संघटनेने तो समज आपल्या कामाने खोटा ठरवला. युद्ध थांबवा म्हणून रस्त्यावर उतरणारे आणि युद्धातून मोडून आलेल्या सोबत्याला दवाखान्यात घेऊन जाणारे कार्यकर्ते इथे एकच होते. संघटनेची रूपे पुढे बरीच पालटली, कामाचे विषय बदलले, माणसे आली आणि गेली. ही दोन्ही कामे मात्र तिने कधी वेगळी होऊ दिली नाहीत. तिचा इतिहास वाचताना हे ध्यानात ठेवले तर पुढच्या घटनांची संगती आपोआप लागते.

आरंभ : १९६७ ते १९६९

१५ एप्रिल १९६७ रोजी न्यू यॉर्कच्या सेंट्रल पार्कमधून युद्धविरोधी मोर्चा निघाला आणि संयुक्त राष्ट्रसंघाच्या इमारतीपाशी पोहोचला. लाखाहून अधिक लोक त्यात होते. मार्टिन ल्यूथर किंग यांचे भाषण झाले. त्या गर्दीत मूठभर तरुण एका फलकामागे चालत होते. ‘व्हिएतनाम वेटरन्स अगेन्स्ट द वॉर’ हे शब्द त्या फलकावर होते. त्या तरुणांपैकी एक जॅन बॅरी. १९६२-६३ मध्ये ते व्हिएतनाममध्ये न्हा त्रांग येथे सैन्याच्या हवाई तुकडीत रेडिओचे काम पाहत होते. पुढे वेस्ट पॉइंटच्या लष्करी प्रबोधिनीत त्यांना प्रवेश मिळाला. अधिकारी होण्याची वाट अशी मोकळी झाली असताना त्यांनी लेखक होण्यासाठी ती सोडली. मोर्चा संपल्यावर त्यांनी या नावाच्या संघटनेचा शोध घेतला, तेव्हा कळले की अशी संघटना अस्तित्वातच नाही. आधीच्या युद्धांतील शांततावादी माजी सैनिकांनी तो फलक तयार करून आणला होता. फलक होता, संघटना उभी करायची बाकी होती.

१ जून १९६७ रोजी न्यू यॉर्कमध्ये बॅरी यांच्या राहत्या जागेत सहा माजी सैनिक जमले आणि संघटनेची स्थापना झाली. ना निधी, ना कार्यालय, ना पाठीशी कुणी मोठा पुढारी.

ही गरज का निर्माण झाली हे समजण्यासाठी त्या युद्धातील सैनिकाचे परतणे कसे असे, ते पाहायला हवे. व्हिएतनाममधील नेमणूक साधारण एक वर्षाची असे आणि प्रत्येकाची तारीख निराळी. पलटण म्हणून कुणी परत येत नसे. मुदत भरली की एकेकटा जवान विमानात बसे आणि दोन-तीन दिवसांत रणांगणावरून आपल्या गावच्या घरी पोहोचे. दुसऱ्या महायुद्धाचे सैनिक बोटीवर आठवडेच्या आठवडे एकत्र काढून परतले होते. घडलेले सारे बोलून टाकायला त्यांना वेळही मिळाला आणि सोबतीही. व्हिएतनामहून आलेल्याला यांतले काही लाभले नाही. आपल्याला जे खुपते आहे ते आपल्या एकट्यालाच खुपते आहे, असे हजारोंना वाटत होते.

त्याच वर्षअखेरीस व्हिएतनाममधील अमेरिकी सैनिकांची संख्या पावणेपाच लाखांच्या पुढे गेली. युद्धाला विरोध करणारे म्हणजे लढाईला घाबरणारी कॉलेजची पोरे, असा प्रचार जोरात होता. ‘तुम्हाला तिथले काय ठाऊक?’ हा प्रश्न विद्यार्थ्यांना गप्प करी. तो प्रश्न या सहा जणांना कुणी विचारू शकत नव्हते. १९ नोव्हेंबर १९६७ रोजी ‘न्यू यॉर्क टाइम्स’मध्ये संघटनेची जाहिरात छापून आली, तिच्याखाली ६५ माजी सैनिकांच्या सह्या होत्या. नाव आणि हुद्दा उघडपणे छापून युद्धाविरुद्ध उभे राहायला त्या काळी मोठे धैर्य लागत होते. नोकरी जाण्याची भीती होती आणि घरातले वडीलधारे स्वतः महायुद्ध लढलेले असत.

१९६८ च्या अध्यक्षीय निवडणुकीत कार्यकर्त्यांनी युद्धविरोधी उमेदवार सिनेटर युजीन मॅकार्थी यांच्यासाठी घरोघर प्रचार केला. मॅकार्थी यांना उमेदवारी मिळाली नाही, शिकागोतील डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनाबाहेर पोलिसांच्या लाठ्या चालल्या आणि निराशेच्या त्या वातावरणात संघटनेचे काम थंडावले. पण नोव्हेंबर १९६९ मध्ये माय लाय गावातील कत्तलीची बातमी पत्रकार सेमूर हर्श यांनी बाहेर आणली. १६ मार्च १९६८ रोजी अमेरिकी तुकडीने त्या गावातील शेकडो निःशस्त्र बायामुले आणि म्हातारी माणसे मारली होती. सरकारने तो मोजक्या जणांचा अपराध म्हणून मांडला. संघटनेतील माणसांना मात्र ठाऊक होते, की वरून मृतदेहांचे आकडे मागितले जातात तेव्हा खाली काय होते. तो अनुभव सांगायलाच हवा, असे त्यांना वाटू लागले.

सत्तरचे दशक : विस्तार, साक्ष आणि कसोटी

३० एप्रिल १९७० रोजी अध्यक्ष निक्सन यांनी कंबोडियात सैन्य घुसवल्याची घोषणा केली. चारच दिवसांनी ओहायोतील केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्डच्या गोळीबारात चार विद्यार्थी ठार झाले. त्यानंतर संघटनेत नव्या सैनिकांची रीघ लागली. आधीच्यांपेक्षा ही मुले वेगळी होती. पुष्कळसे कामगारांच्या घरातले, केस वाढवलेले, जुना लष्करी डगला अंगात. त्यांचे युद्धही १९६३ चे नव्हते. शत्रूच्या देशव्यापी ‘टेट’ हल्ल्यानंतरचे ते युद्ध होते आणि आपण कशासाठी मरतो आहोत हे त्यात अधिकाऱ्यालाही सांगता येत नव्हते.

सप्टेंबर १९७० मध्ये न्यू जर्सीतील मॉरिसटाउनपासून पेनसिल्व्हेनियातील व्हॅली फोर्जपर्यंत ८६ मैलांची पदयात्रा निघाली. तिला ‘ऑपरेशन रॉ’ असे नाव दिले होते. व्हॅली फोर्ज म्हणजे अमेरिकी स्वातंत्र्ययुद्धात जॉर्ज वॉशिंग्टनच्या सेनेने १७७७-७८ चा कडक हिवाळा काढला ती जागा. दीडशेच्या वर माजी सैनिक खेळण्यातल्या बंदुका घेऊन चालले. वाटेतल्या गावांत शिरून ते ‘झडती’ घेत, नाट्यमंडळींतील माणसांना ‘गावकरी’ म्हणून पकडत, धमकावत, हात बांधून नेत. जाताना पत्रके वाटत : तुम्ही व्हिएतनामी असतात, तर आज तुमच्या गावात खरोखरच हे घडले असते. गावकऱ्यांना हे आवडले नाही आणि ते आवडावे अशी अपेक्षाही नव्हती. व्हॅली फोर्जच्या सभेला सुमारे दीड हजार लोक आले.

यानंतर डेट्रॉइटची साक्षसभा झाली. संघटनेच्या साऱ्या कामात मी हिला सर्वांत वरचे स्थान देईन. ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी १९७१ असे तीन दिवस तिथल्या एका मोटेलच्या सभागृहात ‘विंटर सोल्जर इन्व्हेस्टिगेशन’ चालले. स्वातंत्र्ययुद्धाच्या काळातला लेखक टॉमस पेन याने १७७६ मध्ये संकटकाळी पळ काढणाऱ्या ‘उन्हाळी सैनिकां’ची निर्भर्त्सना केली होती; जो हिवाळ्यातही टिकतो तो खरा देशभक्त, असा या नावाचा रोख होता. १०९ माजी सैनिक आणि १६ नागरिक साक्षीला बसले. साक्ष देणाऱ्याने सेवामुक्तीची कागदपत्रे दाखवावीत, आपली तुकडी आणि काळ सांगावा असा दंडक होता. पुढे कुणी खोटे ठरवू नये म्हणून. साक्षी तुकडीवार लावल्या होत्या. एकाच पलटणीत वेगवेगळ्या वर्षी असलेली माणसे शेजारी शेजारी बसली आणि एकच गोष्ट सांगू लागली. घरे जाळणे, कैद्यांना हेलिकॉप्टरमधून ढकलणे, चौकशीत छळ करणे हे एखाद्या माथेफिरूचे कृत्य नव्हते. वरून चालत आलेल्या धोरणातून ते उपजले होते, हे त्या मांडणीतून दिसले. काही जणांना बोलता बोलता रडू कोसळले. कृष्णवर्णीय आणि मूळनिवासी सैनिकांनी सैन्यातल्या वर्णद्वेषाविषयी सांगितले. ‘शत्रू’ला माणूस न मानायला प्रशिक्षणातच कसे शिकवले जाते, हेही आले.

इतके सगळे होऊनही मोठ्या वृत्तपत्रांनी या सभेची फारशी दखल घेतली नाही. सिनेटर मार्क हॅटफील्ड यांनी त्या साक्षी काँग्रेसच्या दप्तरात नोंदवून घेतल्या आणि ‘विंटर सोल्जर’ हा माहितीपट १९७२ मध्ये निघाला, म्हणून त्या आज उपलब्ध आहेत. फेब्रुवारी १९७१ च्या ‘प्लेबॉय’ मासिकाने संघटनेची पानभर जाहिरात विनामूल्य छापली. तिच्यात ध्वज पांघरलेली शवपेटी होती. ते मासिक छावणीछावणीत वाचले जाई. पाहता पाहता हजारो सभासद झाले. त्यांत खुद्द व्हिएतनाममध्ये तैनात असलेले जवानही होते.

एप्रिल १९७१ चे वॉशिंग्टनमधील आंदोलन हे संघटनेच्या इतिहासातले सर्वांत गाजलेले पर्व. लाओसच्या सीमेवरील लष्करी मोहिमांना ‘ड्युई कॅन्यन’ एक आणि दोन अशी नावे होती. संघटनेने आपल्या आंदोलनाला ‘ड्युई कॅन्यन तीन’ म्हटले आणि काँग्रेसच्या प्रदेशावरील मर्यादित चढाई असे त्याचे वर्णन केले. १९ ते २३ एप्रिल असे पाच दिवस हजाराहून अधिक माजी सैनिक राजधानीत तळ देऊन होते. कित्येक कुबड्यांवर, कित्येक चाकांच्या खुर्च्यांवर. पहिल्या दिवशी युद्धात मुलगे गमावलेल्या मातांना पुढे घालून ते आर्लिंग्टनच्या लष्करी दफनभूमीवर पुष्पचक्र वाहायला गेले, तर फाटके बंद! दुसऱ्या दिवशी ते पुन्हा गेले आणि सरकारला फाटक उघडावे लागले.

संसदभवनाजवळच्या हिरवळीवर झोपायला सर्वोच्च न्यायालयाने मनाई केली. थांबता येईल, झोपता येणार नाही. सैनिकांनी मतदान घेतले आणि थोड्या मतांच्या फरकाने झोपायचे ठरले. रात्री पोलीस आले आणि कुणालाही न उठवता निघून गेले. पन्नासेक जण पेंटॅगॉनवर गेले आणि ‘आम्ही युद्धगुन्हेगार आहोत, आम्हाला अटक करा’ म्हणून उभे राहिले. तिथे त्यांना कुणी अटक करेना. सर्वोच्च न्यायालयाने या युद्धाच्या वैधतेवर निर्णय द्यावा म्हणून न्यायालयाच्या पायऱ्यांवर बसलेल्या शंभराहून अधिक सैनिकांना मात्र पकडून नेले. २२ एप्रिलला जॉन केरी या २७ वर्षांच्या माजी नौदल अधिकाऱ्याने सिनेटर फुलब्राइट यांच्या अध्यक्षतेखालील सिनेट समितीपुढे निवेदन केले. त्यावेळी शहरात एका जुन्या, प्रतिष्ठित महिला संस्थेचे वार्षिक अधिवेशन चालू होते. तुमच्या अशा वागण्याने सैन्याचे मनोबल खचेल, असे तिथल्या एका बाईंनी एका जवानाला सुनावले. सैन्य म्हणजे आम्हीच, असे त्याने त्यांना नम्रपणे सांगितले, ही आठवण त्या दिवसांच्या बहुतेक साऱ्या हकिकतींत येते.

२३ एप्रिलला पदके परत करायची होती. अधिकाऱ्यांनी संसदभवनाच्या पायऱ्यांपुढे रातोरात कुंपण घातले. तेव्हा एकेक जण रांगेने पुढे आला. ध्वनिक्षेपकावर त्याने नाव सांगितले, तुकडी सांगितली, कुणी मेलेल्या मित्राचे नाव घेतले आणि मग छातीवरचे पदक काढून कुंपणापलीकडे भिरकावले. पर्पल हार्ट, ब्राँझ स्टार, सिल्व्हर स्टार. सातशे-आठशे माणसे अशी पुढे येऊन गेली. काही जण पदक टाकून बाजूला गेले आणि खाली बसून राहिले. शौर्यपदक हे सैनिकाच्या आयुष्यातले सर्वांत मोठे धन. ज्याने ते रक्त सांडून मिळवले त्यानेच ते टाकावे, हे दृश्य साऱ्या देशाने दूरचित्रवाणीवर पाहिले. त्यानंतर ‘हे भेकड आहेत’ असे म्हणणाऱ्यांची जीभ अडखळू लागली. आंदोलनाची सांगता एक झाड लावून झाली.

त्याच वर्षी मे महिन्यात मॅसॅच्युसेट्समध्ये लेक्सिंग्टनच्या ऐतिहासिक मैदानावर मुक्काम केल्याबद्दल चारशेहून अधिक लोकांना अटक झाली. सैनिकांबरोबर गावातील रहिवासीही आपण होऊन पकडले गेले. डिसेंबरात पंधरा सैनिकांनी स्वातंत्र्यदेवीच्या पुतळ्यात स्वतःला कोंडून घेतले आणि संकटाची खूण म्हणून वरून उलटा राष्ट्रध्वज फडकवला. संघटनेचे बोधचिन्हही याच काळात घरोघर पोहोचले. व्हिएतनाममधील अमेरिकी लष्करी मुख्यालयाच्या बिल्ल्यावर उभी तलवार होती. संघटनेने तिच्या जागी उलटी रोवलेली रायफल आणि तिच्यावर टांगलेले शिरस्त्राण घातले. रणांगणावर पडलेल्या सोबत्यासाठी जवान जी खूण करतात, तीच ही.

या गाजलेल्या घटनांच्या मागे एक शांत काम चालू होते आणि त्याचे मोल मी कमी मानत नाही. १९७० च्या अखेरीस जॅन बॅरी यांनी मानसोपचारतज्ज्ञ रॉबर्ट जे लिफ्टन यांना पत्र लिहिले. सभासदांना रात्री झोप येत नाही, अचानक संताप उसळतो, घरच्यांशी बोलता येत नाही आणि सरकारी रुग्णालयात गेले तर कुणाला कळत नाही. लिफ्टन आणि त्यांचे सहकारी हाइम शॅटन न्यू यॉर्कमध्ये संघटनेच्या बैठकांना येऊ लागले. अटी सैनिकांनी घातल्या. कुणी रुग्ण नाही, कुणी डॉक्टर नाही. फी नाही, टिपणवहीआडून निरीक्षण नाही. तुम्हीही आमच्यासारखे मन उघडे करायचे. तासन् तास चालणाऱ्या त्या बैठकांत मेलेल्या मित्रांबद्दल, मारलेल्या माणसांबद्दल, स्वतः जिवंत राहिल्याच्या अपराधी भावनेबद्दल बोलणे होई. शॅटन यांनी १९७२ मध्ये वृत्तपत्रात लेख लिहून या पीडेला ‘पोस्ट-व्हिएतनाम सिंड्रोम’ म्हटले. पुढे १९८० मध्ये अमेरिकी मानसोपचार संघटनेने ‘पीटीएसडी’ म्हणजे आघातोत्तर तणावविकार हे निदान आपल्या अधिकृत ग्रंथात घातले. आज भूकंपग्रस्तापासून अत्याचार सोसलेल्या स्त्रीपर्यंत जगभर ज्यांना या निदानाचा आधार मिळतो, त्यांच्यासाठी ही वाट पाडण्यात या बैठकांचा मोठा वाटा आहे.

लेखनही याच सुमारास फुलले. बॅरी, लॅरी रॉटमन आणि बेसिल पॅकेट यांनी १९७२ मध्ये सैनिकांच्या युद्धकवितांचे संकलन काढले. प्रकाशक मिळेना, म्हणून त्यासाठी स्वतःची छोटी प्रकाशनसंस्था काढली.

सरकारने संघटनेवर पाळत ठेवली, खबरे पेरले. १९७२ मध्ये रिपब्लिकन अधिवेशनात दंगल घडवण्याचा कट केल्याचा आरोप आठ जणांवर ठेवला गेला. यांत स्कॉट कॅमिल हे डेट्रॉइटला साक्ष दिलेले माजी मरीन होते. फ्लोरिडातील गेन्सव्हिल येथे खटला चालला. ३१ ऑगस्ट १९७३ रोजी ज्यूरीने काही तासांतच आठही जणांना निर्दोष सोडले. दरम्यान ऑगस्ट १९७२ मध्ये मायामीला निक्सन यांच्या भाषणाच्या वेळी चाकांच्या खुर्चीवरून घोषणा देणारे रॉन कोविक यांनी पुढे ‘बॉर्न ऑन द फोर्थ ऑफ जुलै’ हे आत्मकथन लिहिले. डिसेंबर १९७२ मध्ये हनोईवर नाताळच्या दिवसांत बॉम्बवर्षाव झाला, तेव्हा संघटनेचे बॅरी रोमो हे गायिका जोन बाएझ यांच्यासह शिष्टमंडळातून त्या शहरात होते. ज्या देशात बंदूक घेऊन गेलो, तिथे आपल्याच देशाच्या विमानांखाली तळघरात बसण्याची वेळ त्यांच्यावर आली.

१९७३ मध्ये अमेरिकी लढाऊ सैन्य परतले. त्यानंतर लष्करभरती नाकारणाऱ्यांना, सैन्य सोडून गेलेल्यांना बिनशर्त माफी आणि ‘शेरा’ मारून काढलेल्या लाखो जवानांना सन्मानाची सेवामुक्ती, या मागण्यांवर काम एकवटले. शेरा असलेल्याला नोकरी मिळत नसे, शिक्षणाची सवलत मिळत नसे आणि असे शेरे कृष्णवर्णीय जवानांच्या वाट्याला फार येत. जानेवारी १९७७ मध्ये अध्यक्ष कार्टर यांनी भरती टाळणाऱ्यांना माफी दिली. सैन्य सोडून गेलेले आणि शेरा असलेले तिच्यातून वगळले गेले, म्हणून संघटनेने लढा चालू ठेवला.

या वर्षांत संघटनेने सैनिकेतरांनाही सभासदत्व खुले केले, नावात भर पडली आणि पुढे ती काढलीही गेली. दिशेबद्दल मतभेद झाले आणि काही सहकारी वेगळ्या वाटेने गेले. त्या तपशिलात शिरण्याचे हे स्थळ नव्हे. तळमळ दोन्ही बाजूंना होती. दशकाच्या अखेरीस सभासद थोडे उरले, पण नाव, चिन्ह आणि काम त्यांनी जपले.

ऐंशीचे दशक : विषाचा हिशेब

१९६१ ते १९७१ या काळात व्हिएतनामच्या जंगलांवर आणि शेतांवर सुमारे २ कोटी गॅलन तणनाशके फवारली गेली. त्यांतले प्रमुख ‘एजंट ऑरेंज’. त्यात डायऑक्सिन हे जहाल विष मिसळलेले होते. १९७७-७८ मध्ये शिकागोत सरकारी माजी सैनिक कार्यालयातील मॉड डेव्हिक्टर या कर्मचारी महिलेने तक्रारींचे कागद जुळवताना कर्करोग, त्वचारोग, व्यंग असलेली मुले हे सारे एकाच फवारणीकडे बोट दाखवते हे हेरले. शिकागो हेच संघटनेचे मुख्य केंद्र बनले होते. कार्यकर्त्यांनी माजी सैनिकांच्या रुग्णालयांपुढे निदर्शने केली, तपासण्यांची मागणी लावून धरली, गावोगाव सभा घेतल्या.

१९८४ मध्ये रसायन कंपन्यांनी १८ कोटी डॉलर देऊन न्यायालयीन दावा मिटवला. हजारो कुटुंबांत वाटून हाती काय आले असेल, याचा विचार वाचकांनीच करावा. आजार आणि फवारणी यांचा संबंध कायद्याने मान्य व्हायला १९९१ चा ‘एजंट ऑरेंज कायदा’ यावा लागला. या प्रश्नात संघटनेची भूमिका पहिल्यापासून ठाम होती : हे विष अमेरिकी जवानाच्या अंगात गेले तसेच व्हिएतनामी शेतकऱ्याच्याही, आणि भरपाई दोघांनाही हवी. व्हिएतनामी बाधितांसाठीची ती मागणी संघटनेने आजही सोडलेली नाही.

१९८२ च्या मे महिन्यात ‘ड्युई कॅन्यन चार’ या नावाने कार्यकर्ते पुन्हा वॉशिंग्टनला जमले. मध्य अमेरिकेतील हस्तक्षेपाला विरोध, अण्वस्त्रांना विरोध, रुग्णालयांच्या निधीतील कपातीला विरोध असा त्या वेळचा कार्यक्रम होता. १९८५ मध्ये मेन राज्यात ‘व्हेटरन्स फॉर पीस’ ही सर्व युद्धांतील माजी सैनिकांची संघटना स्थापन झाली आणि पुष्कळ सभासद दोन्हीकडे काम करू लागले.

नव्वदचे दशक

१९९१ च्या आखाती युद्धाच्या वेळी संघटनेचे फोन पुन्हा वाजू लागले. युद्धावर जायला मन तयार नाही, काय करू, असे विचारणारी विशी-बाविशीची मुले होती. त्यांना नियम समजावणे, सदसद्विवेकाच्या आधारे लढण्यास नकार देण्याचा अर्ज कसा करावा हे सांगणे, वकील गाठून देणे, ही कामे पन्नाशीकडे झुकलेल्या कार्यकर्त्यांनी केली.

याच दशकात काही सभासदांची पावले व्हिएतनामकडे वळली. सायगावमध्ये लष्करी गुप्तवार्ता विभागात काम केलेले चक सर्सी १९९५ मध्ये तिकडे राहायला गेले. क्वांग ट्री प्रांतातील न फुटलेले बॉम्ब आणि सुरुंग काढण्यासाठी २००१ मध्ये सुरू झालेल्या ‘प्रोजेक्ट रिन्यू’च्या संस्थापकांत ते आहेत. युद्ध संपल्यावर जन्मलेली मुले शेतात खेळताना त्या स्फोटांनी मरत होती. त्या जमिनीत बॉम्ब कुणी पेरले हे विसरता येत नाही, म्हणून काढायलाही आपणच जायचे, असे या मंडळींनी मानले. संघटनेतील एक जुने सभासद बॉबी म्युलर हे सुरुंगबंदीच्या आंतरराष्ट्रीय मोहिमेच्या प्रवर्तकांत होते. त्या मोहिमेला १९९७ चे नोबेल शांतता पारितोषिक मिळाले.

२००० ते २०१० : नवी पिढी

इराकवरील स्वारीच्या आधीच, २००२-०३ च्या हिवाळ्यात संघटनेचे कार्यकर्ते देशभरच्या मोर्चांत चालत होते. केस पांढरे, बिल्ला तोच. जुलै २००४ मध्ये बॉस्टनला ‘व्हेटरन्स फॉर पीस’च्या अधिवेशनात इराकहून परतलेल्या तरुणांनी ‘इराक व्हेटरन्स अगेन्स्ट द वॉर’ स्थापन केली. नावच सांगते की वारसा कुठला. या तरुणांच्या पाठीशी उभ्या राहिलेल्यांत डेव्हिड क्लाइन यांचा उल्लेख करायलाच हवा. व्हिएतनाममध्ये ते तीनदा जखमी झाले; ‘व्हिएतनाम वेटरन्स’ आणि ‘व्हेटरन्स फॉर पीस’ या दोन्ही संघटनांत पुढारपण केले; २००७ मध्ये जाईपर्यंत नव्या मुलांसाठी त्यांचे दार उघडे होते.

मार्च २००८ मध्ये या तरुणांनी वॉशिंग्टनजवळ सिल्व्हर स्प्रिंग येथे चार दिवसांची ‘विंटर सोल्जर : इराक आणि अफगाणिस्तान’ साक्षसभा घेतली. कागदपत्रांची पडताळणी, शेजारी बसलेला सोबती हे डेट्रॉइटच्या धर्तीवर होते. मात्र या वेळी साक्षीला छायाचित्रांची आणि चित्रफितींची जोड होती. डेट्रॉइटला बोललेले काही जण श्रोत्यांत बसून ऐकत होते. पुढे या तरुणांच्या संघटनेने ‘अबाउट फेस’ असे नाव घेतले.

२०११ पासून आजपर्यंत

मे २०१२ मध्ये शिकागोत नाटोची परिषद भरली तेव्हा इराक आणि अफगाणिस्तानचे माजी सैनिक परिषदस्थळाजवळ व्यासपीठावर चढले आणि त्यांनी आपली पदके फेकली. १९७१ चे काही जण त्यांच्या बाजूला उभे होते. २०१७ मध्ये संघटनेला पन्नास वर्षे पूर्ण झाली.

‘द वेटरन’ हे संघटनेचे नियतकालिक वर्षातून दोनदा निघते. त्यात आठवणी, कविता, पुस्तक परीक्षणे आणि दिवंगत सहकाऱ्यांवरचे लेख असतात. अलीकडे त्या शेवटच्या पानांची संख्या वाढते आहे. सभासद शाळा-कॉलेजांत जाऊन बोलतात. लष्करात भरती होण्याआधी करारात नेमके काय लिहिले आहे, हे मुलांना वाचून दाखवतात. मेमोरियल डेला शिकागोत स्मृतिसभा होते. सैन्यात असलेल्या आणि अडचणीत सापडलेल्या जवानांना सल्ला देण्याचे काम चालू आहे. जुना पत्रव्यवहार, पत्रके आणि नोंदी विस्कॉन्सिन हिस्टॉरिकल सोसायटीच्या दप्तरखान्यात आहेत. संशोधक तिथे बसून वाचतात.

या लेखात आलेली नावे थोडी. पत्ते लिहिलेली हजारो पाकिटे चिकटवणारे, आंदोलकांसाठी स्वयंपाक करणारे, रात्री दोन वाजता आत्महत्येच्या विचाराने फोन करणाऱ्या मित्राशी उजाडेपर्यंत बोलत राहणारे, जामिनासाठी स्वतःची गाडी विकणारे, नवऱ्याच्या दुःस्वप्नांसह संसार करून वर शाखेचा हिशेब सांभाळणाऱ्या स्त्रिया, मुलगा गमावल्यावर दुसऱ्यांची मुले वाचावीत म्हणून मोर्चात आलेल्या माता यांची यादी कुणी केली नाही. संघटना मुख्यतः त्यांनी चालवली. हीरकमहोत्सवी वर्षाच्या निमित्ताने हयात सभासदांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित करून घेण्याचे काम शाखांनी तातडीने हाती घ्यावे, अशी या लेखकाची त्यांना विनंती आहे. १९७१ मध्ये विशीत असलेले हे लोक आज पंचाहत्तरी ओलांडून गेले आहेत.